सेसिलिया मेइरेलीस : गांधीजींवर शोकगीत लिहिणारी ब्राझीलची कवयित्री. कोणी वाचलीय का?

ओवी_अनंत

नमस्कार मंडळी,

लॅटिन अमेरिकेतली कविता म्हटलं की आपल्याकडे नेरुदा, नेरुदा आणि फार तर ऑक्टाव्हियो पाझ. पाझ तरी दिल्लीत मेक्सिकोचा राजदूत होता म्हणून माहीत. पण त्याच्या आधी, जानेवारी १९५३ मध्ये ब्राझीलची एक मोठी कवयित्री दिल्लीत गांधीविचारावरच्या परिसंवादाला आली होती, मग देशभर हिंडली, गोव्यालाही जाऊन आली, दिल्ली विद्यापीठाने तिला मानद डॉक्टरेट दिली, आणि या प्रवासावर तिने अख्खा कवितासंग्रह लिहिला हे मला तरी परवापरवापर्यंत माहीत नव्हतं.

नाव सेसिलिया मेइरेलीस. जन्म ७ नोव्हेंबर १९०१ रिओ दि जानेरो, मृत्यू ९ नोव्हेंबर १९६४ तिथेच. पेशाने शिक्षिका, पत्रकार, भाषांतरकार, लोककलांची अभ्यासक, चित्रंही काढायची. भारतावरचा संग्रह १९६१ मध्ये आला, नाव साधंच आहे, 'भारतात लिहिलेल्या कविता'. त्याच्या किती तरी आधी, गांधीजींचा खून झाल्यावर १९४८ मध्ये तिने त्यांच्यावर शोकगीत लिहिलं होतं, म्हणजे भारत बघायच्या आधीच.

मी हे सगळं इंग्रजीतून वाचतेय, पोर्तुगीज येत नाही. कविता आवडताहेत. पण एक गोष्ट सारखी टोचतेय. तिच्या भारतात सगळंच कसं देखणं आहे, गरिबीसुद्धा. 'गरिबी' नावाचीच कविता आहे, त्यात एक म्हातारा येतो तो असा की जणू एखाद्या देवळाच्या खांबावरून उतरलेली मूर्तीच. छान आहे हो, पण असं लिहिणं तिथे राहणाऱ्याला सुचेल का? तर प्रश्न असा की थोड्या मुक्कामात लिहिलेली ही कविता आपण भारताबद्दलची म्हणून वाचायची की त्या बाईबद्दलची? ज्यांनी वाचलीय त्यांनी जरूर लिहा. न वाचलेल्यांनीही लिहा, तसेही लिहितातच :)

टवाळ_पंत

पहिला नंबर माझा. ब्राझील म्हणजे पेले, कॉफी आणि सांबा एवढंच येतं. जागा धरून ठेवतो.

कडू_कारलं

धागा चांगला आहे पण उत्तर तुम्ही प्रश्नातच देऊन टाकलंय. अनुक्रमणिका बघा, मी आत्ता शोधली. ताजमहाल, जयपूर, बाजार, महात्मा गांधी, म्हशींची आंघोळ, दिल्लीचे घोडे. हत्ती आणि गारुडी असले की यादी पूर्ण. पाहुणे येतात, सरकारी गाडीतून फिरतात, संध्याकाळी गेस्टहाऊसवर कविता लिहितात. आपणही भारावून जातो, आहाहा आमच्या म्हशींवर पोर्तुगीजमध्ये कविता! तीच म्हैस आपल्या गावच्या कवीने लिहिली तर कोणी ढुंकून बघत नाही.

टवाळ_पंत

आमच्याकडच्या म्हशीला आंघोळ घालायला कवयित्री मिळाली तर चालेल, कविता नको.

सदू_साओपावलो

अरे वा, या बाईंवर मराठीत धागा! मी बरीच वर्षं साओ पावलोमध्ये आहे (औषधांच्या कंपनीत, कविता वगैरेशी तसा संबंध नाही) पण इथे पोरं वाढवायची म्हणजे सेसिलिया मेइरेलीस चुकत नाही. तिचा लहान मुलांच्या कवितांचा 'हे किंवा ते' नावाचा संग्रह आहे, १९६४ चा, म्हणजे ती गेली त्याच वर्षीचा, इथल्या प्राथमिक शाळेत तो घरच्यासारखा असतो. त्यातली नावाचीच कविता माझ्या मुलीने इतक्या वेळा म्हटलीय की मलाही पाठ झाली. कल्पना साधी आहे. पाऊस हवा तर ऊन नाही, ऊन हवं तर पाऊस नाही. हातमोजा घातला तर अंगठी घालता येणार नाही. पैसे साठवले तर खाऊ नाही आणि खाऊ घेतला तर पैसे गेले. आणि शेवटपर्यंत त्या पोराला कळतच नाही की काय बरं. उपदेश शून्य. कविता तिथेच सोडून देते. आपल्याकडे असती तर शेवटच्या कडव्यात आई येऊन 'म्हणून बाळा' म्हणाली असती.

अजून एक आहे, बागेचा लिलाव. कोण घेणार माझी बाग, फुलांसकट, फुलपाखरांसकट, घरट्यातल्या अंड्यांसकट, आणि एकेक करून गोगलगाय, सरडा, मुंग्यांचं वारूळ सगळं लिलावात निघतं. मुलं वर्गात खरोखरीचा लिलाव लावतात, ओरडून ओरडून. आमच्या इमारतीत एका पोराने वारुळाला बोली लावली ती शेवटपर्यंत सोडली नाही.

भारतावरच्या कविता मात्र इथल्या लोकांनी फारशा वाचलेल्या नसतात. 'ती भारतात गेली होती' एवढं साहित्यवाल्यांना माहीत. शाळेत मोठ्या वर्गात दोन कविता हमखास. एक 'पोर्ट्रेट', आरशात बघून बाई म्हणते की हा थकलेला चेहरा माझा नव्हताच, माझा चेहरा कुठल्या आरशात हरवला. दुसरी ती प्रसिद्ध, हा क्षण आहे म्हणून मी गाते, आनंदी नाही की दुःखी नाही, कवी आहे.

अळूची_फदफदं

+१ सदू. मुलांच्या कविता मराठीत आणा कोणीतरी. त्या लिलावाची तर वर्गात धमाल येईल.

ओवी_अनंत

सदू, फारच मस्त माहिती.

कडू, अनुक्रमणिका वाचून संग्रहावर निकाल देणं म्हणजे कमालच आहे. पुरीच्या बायकांवर एक कविता आहे ती आधी वाचा. पुरी म्हटल्यावर जगन्नाथ, रथ, समुद्र, पंडे असं काहीतरी येईल असं मलाही वाटलं होतं. देऊळ आणि समुद्र आहेत, पण नुसते मागे. पुढे आहेत रस्त्याच्या कामावरच्या बायका. उकिडव्या बसलेल्या, हाताने दगडांचे ढीग रचणाऱ्या. आणि कवितेची सुरुवातच अशी की हे रस्ते बांधून होतील तेव्हा तुमच्या निळ्या आकृती कोणाला तरी आठवतील. आता सांगा, १९५३ मध्ये पुरीला गेलेल्या किती पाहुण्यांनी खडी वेचणाऱ्या बायकांकडे बघितलं असेल? आपण तरी आज बघतो का? गाडीची काच वर करतो धूळ येते म्हणून.

कडू_कारलं

बघितलं हे मान्य. पण त्याच कवितेत त्यांना 'काळ्या देवी' केलंय ना? मी वाचली आत्ता, तुम्ही म्हणालात म्हणून. मजुरी किती मिळते, मुकादम कोण, पोरं कुठे झोपलीत, काही नाही. देवी म्हटलं की झालं, देवीला रोजगार द्यायला लागत नाही.

ओवी_अनंत

हा मुद्दा चांगला आहे. विचार करते.

टवाळ_पंत

कडूने मुद्दा मांडला आणि ओवीने मान्य केला. या संस्थळावर हे पहिल्यांदाच. स्क्रीनशॉट काढून ठेवा.

निवृत्त_मास्तर

कवितेत मला फार गती नाही, परंतु या बाईंचे नाव मी शिक्षणाच्या इतिहासात वाचले आहे म्हणून लिहितो, कारण तुम्ही 'शिक्षिका' या एका शब्दात जे गुंडाळले ते काम खरे तर मोठे आहे.

१९३० ते १९३३ ही तीन वर्षे रिओच्या 'दियारिओ दे नोतिसियास' या दैनिकात त्या शिक्षणाचे पान चालवीत. रोजचे पान, सणासुदीची पुरवणी नव्हे. नुकतीच १९३० ची क्रांती होऊन वार्गास सत्तेवर आले होते. १९३१ मध्ये सरकारने सरकारी शाळांत धर्मशिक्षण आणण्याचा हुकूम काढला तेव्हा बाईंनी त्यावर आणि शिक्षणमंत्री फ्रान्सिस्को कांपोस यांच्यावर सतत लेखणी चालवली. राष्ट्रप्रमुखाला उद्देशून 'श्रीमान हुकूमशहा' असे छापायला त्या कचरल्या नाहीत. १९३२ मध्ये नव्या शिक्षणाचा जाहीरनामा निघाला, शाळा सर्वांना, मोफत, सरकारी, धर्मनिरपेक्ष आणि मुलामुलींना एकत्र असावी असा. त्यावर २६ सह्या आहेत, त्यांत बायका तीन. एक या.

पुढे १९३४ मध्ये त्यांनी रिओत बोताफोगोच्या समुद्रकाठी मुलांसाठी वाचनालय काढले, ब्राझीलमधले मुलांचे पहिले. जुन्या मूरिश धाटणीच्या एका इमारतीत, आज ती इमारत उभी नाही. तिथे पुस्तकांबरोबर नकाशे, पोस्टाची तिकिटे, सिनेमा, संगीत असे सर्व होते आणि मुले स्वतः कपाटातून पुस्तक काढू शकत. १९३७ मध्ये वार्गासांची उघड हुकूमशाही आली आणि ते बंद करण्यात आले. कारण काय सांगितले जाते ठाऊक आहे? वाचनालयात मार्क ट्वेनचे 'टॉम सॉयर' होते आणि ते पुस्तक साम्यवादी ठरले.

शेंगदाण्याचा_लाडू

टॉम सॉयर कम्युनिस्ट?? तो कुंपण रंगवायचं काम दुसऱ्यांना देऊन वर त्यांच्याकडूनच वस्तू उकळतो, याच्याइतका पक्का भांडवलदार पोरगा जगात नाही.

टवाळ_पंत

=)) =)) लाडू, आजचा प्रतिसाद तुझा.

अळूची_फदफदं

मास्तर, 'मुले स्वतः कपाटातून पुस्तक काढू शकत' हे वाचून गलबललं. आमच्या शाळेत काचेचं कपाट होतं, कुलूप लावलेलं, किल्ली एका सरांकडे आणि सर कायम निवडणुकीच्या ड्युटीवर. पुस्तकांच्या कण्यावरची नावं मला पाठ होती, आतलं एकही पान बघितलं नाही. शाळेचं नाव सांगत नाही, अजून तिथे ओळखी आहेत. १९३४ मध्ये एका बाईला जे सुचलं ते आमच्याकडे १९८९ पर्यंत पोचलं नव्हतं.

मांडवीकाठ

उशिरा आलो धाग्यावर. मी पणजीचा, पोर्तुगीज शिकलोय, अगदी सफाईने नाही पण शब्दकोश घेऊन कविता वाचता येते. थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

तुम्ही सगळे भारतावरच्या संग्रहाभोवती फिरताय, पण या बाईचं सगळ्यात मोठं काम ते नाही. ते आहे 'रोमान्सेरो दा इन्कॉन्फिदेन्सिया', आणि ते आलं १९५३ मध्येच, म्हणजे ती आपल्याकडे आली त्याच वर्षी. ८५ लांब-लांब गाणी आहेत, जुन्या स्पॅनिश-पोर्तुगीज पोवाड्यांच्या धर्तीवर, मधेमधे देखावे आणि स्वगतं. विषय १७८९ चा कट. मिनास जेराइस म्हणजे सोन्याच्या खाणींचा प्रदेश, तिथलं व्हिला रिका हे गाव, आजचं ओरो प्रेतो. पोर्तुगालचा राजा सोन्याचा पाचवा हिस्सा घ्यायचा आणि वर्षाला शंभर आरोबा म्हणजे जवळजवळ दीड टन सोनं भरलंच पाहिजे असा दंडक होता. खाणी आटल्या तरी आकडा तोच. मग थकबाकी घराघरातून वसूल करणार अशी आवई उठली आणि गावातले वकील, पाद्री, अधिकारी, कवी मिळून स्वतंत्र व्हायचा बेत करायला लागले. त्यांच्यातला एक कर्जबाजारी माणूस, सिल्वेरिओ दोस रेइस, फुटला. सगळे पकडले गेले. कवी क्लाउदिओ मानुएल दा कोस्ता कोठडीतच मेला. दुसरा कवी गोन्झागा मोझांबिकला हद्दपार. फाशी मात्र एकालाच झाली, ज्याच्या मागे ना पैसा होता ना घराणं, तो तिरादेंतिस, फौजेतला किरकोळ अधिकारी, दात काढायचंही काम करायचा म्हणून ते नाव. २१ एप्रिल १७९२ ला रिओत फाशी, मग देहाचे तुकडे करून रस्त्यावर टांगले, डोकं व्हिला रिकात खांबावर. आज २१ एप्रिलला ब्राझीलमध्ये राष्ट्रीय सुट्टी असते.

सेसिलिया तिथे गेली होती पत्रकार म्हणून, ईस्टरच्या आधीच्या आठवड्यातल्या मिरवणुकांवर लिहायला. आणि तिथल्या गल्ल्यांमधून तिला ही जुनी माणसं दिसायला लागली असं तिने पुढे एका भाषणात सांगितलंय. मग वर्षानुवर्षं दप्तरं वाचली. त्यातल्या स्वातंत्र्यावरच्या दोन ओळी ब्राझीलमध्ये कोणालाही विचारा, येतात. आशय असा की स्वातंत्र्य हा शब्द समजावून कोणालाच सांगता येत नाही आणि न समजणारा कोणीच नाही.

आता हे मी गोंयकार म्हणून का सांगतोय? कारण आमच्याकडे कांदोळीला १७८७ मध्ये, म्हणजे दोनच वर्षं आधी, पिंटोंचा कट झाला. तेव्हाही पाद्री आणि फौजेतले लोक, कारण गोंयकाराला वरच्या जागा मिळत नव्हत्या, तेव्हाही सुरू व्हायच्या आधीच फितुरी, आणि राणीही तीच, पहिली मारिया. पंधरा जणांना पणजीत मारलं. त्या पंधरांवर ८५ गाणी सोडा, आमच्या बहुतेक मुलांना तो कट म्हणजे काय हेही माहीत नसतं.

सदू_साओपावलो

मांडवीकाठ, टोपी काढली! ओरो प्रेतोला मी गेलोय. चढउतार इतके की गुडघे बोलतात. आणि हो, २१ एप्रिलच्या सुट्टीत तिकडे जाऊ नका, हॉटेल मिळत नाही.

कडू_कारलं

मांडवीकाठ, प्रतिसाद आवडला, आणि म्हणूनच विचारतो. १९५३ मध्ये पोर्तुगीज राजवटीविरुद्धच्या बंडावर महाकाव्य छापणारी, गांधींवर शोकगीत लिहिणारी बाई त्याच वर्षी पोर्तुगीजांच्या ताब्यातल्या गोव्यात पाहुणी म्हणून जाते. त्याच वर्षी जूनमध्ये भारताने गोव्याच्या प्रश्नावर लिस्बनमधली वकिलात बंद केली. राममनोहर लोहियांची मडगावची सभा १९४६ ची, म्हणजे तोवर सात वर्षं झाली होती. मग तिला दीडशे वर्षांपूर्वीचा तिरादेंतिस दिसतो आणि समोरचा सत्याग्रही दिसत नाही का?

मांडवीकाठ

प्रश्न रास्त आहे, टाळत नाही. पण त्या बाईच्या बाजूने बघा. जन्माच्या तीन महिने आधी वडील गेले. ते बँकेत होते, आई शाळेत शिक्षिका. ती तीन वर्षांची व्हायच्या आत आईही गेली. आधीची तीन भावंडं तिच्या जन्माआधीच गेलेली. वाढवलं आजीने, आईच्या आईने, आणि ही जासिन्ता आजी पोर्तुगालच्या अझोर्स बेटांवरची. म्हणजे घर, अंगाई, गोष्टी, देवधर्म सगळं पोर्तुगीज. पहिला नवरा फर्नांदो कोरेइया दियास हा पोर्तुगीज चित्रकार. जिच्यामुळे नाव झालं तो 'प्रवास' हा संग्रह १९३९ मध्ये छापला गेला लिस्बनमध्ये आणि अर्पणही पोर्तुगीज मित्रांना. तिच्यासाठी पोर्तुगाल म्हणजे आजी. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार म्हणजे आजी नव्हे हे तिलाही कळत असणार, पण माणूस गोव्यात उतरून आपल्या आजीची भाषा ऐकतो तेव्हा त्याच्या मनात आधी काय येईल? आमच्या घरात सुद्धा माझे आजोबा स्वातंत्र्याच्या बाजूचे होते आणि रेडिओवर फादो, म्हणजे पोर्तुगीज विरहगीत, लागला की आवाज मोठा करायचे. दोन्ही खरं.

कडू_कारलं

पटलं नाही, पण समजलं.

रेवदंडा_रिटर्न्स

गोन्झागा मोझांबिकला हद्दपार झाला असं वर आलंय त्यावरून अवांतर. मोझांबिकचा कारभार १७५२ पर्यंत गोव्यातून चालायचा. आमच्या रेवदंड्याचा किल्लाही पोर्तुगीजांकडे होता, १७४० मध्ये मराठ्यांकडे आला. रेवदंड्यापलीकडे कोर्लईला अजून पोर्तुगीजमधून उगवलेली बोली बोलतात. सेसिलियाबाई तिथे आल्या असत्या तर आजीशिवाय आणखी नातेवाईक भेटले असते.

टवाळ_पंत

रेवदंडा काका, तुम्ही चंद्रावरच्या धाग्यावरही रेवदंडा आणता. आदर आहे.

चहाटळ_मावशी

कोणी पेसोआचा किस्सा सांगितला नाही अजून? मग मीच सांगते. १९३४ च्या शेवटी ही पोर्तुगालला व्याख्यानं द्यायला गेली होती. तिथला मोठा कवी फर्नांदो पेसोआ, त्याला भेटायची फार इच्छा. लिस्बनच्या एका कॅफेत भेट ठरली. ही जाऊन बसली. एक तास गेला, दोन तास गेले, पेसोआचा पत्ता नाही. हॉटेलवर परत आली तर तिथे त्याचं नवंकोरं पुस्तक 'मेन्साजें', सही करून ठेवलेलं, आणि निरोप असा की सकाळी पत्रिका मांडून बघितली, आपली भेट व्हावी असे ग्रह नाहीत. सांगोवांगी आहे म्हणतात पण ब्राझीलमध्ये सगळेच सांगतात, आणि पेसोआला ज्योतिषाचं वेड होतं हे तर खरंच.

टवाळ_पंत

म्हणजे तिकडेही 'पत्रिका जुळत नाही' हेच कारण देतात! आणि मी उगाच समजत होतो की हे फक्त कोथरूडमध्ये.

शेंगदाण्याचा_लाडू

निदान पुस्तक तरी पाठवलं. आमच्यात पोहे खाऊन जातात आणि मग कळवतात.

निवृत्त_मास्तर

कृपया विषयावर या.

माजघर

विषयावर येते. मांडवीकाठ यांनी लहानपणाबद्दल लिहिलंच आहे. पुढे १९३५ मध्ये त्या चित्रकार नवऱ्याने आत्महत्या केली, पदरात तीन मुली. वाचनालय चालू, कॉलेजात शिकवणं चालू, घर चालवायला वर्तमानपत्रात लिहिणं चालू. १९४० मध्ये हेइतोर ग्रिलो या शेतीशास्त्रज्ञाशी दुसरं लग्न झालं, त्याच वर्षी अमेरिकेत टेक्सास विद्यापीठात शिकवून आली. हे वाचल्यावर 'प्रवास'मधल्या कविता मला वेगळ्याच वाटायला लागल्या. पाणी, वारा, समुद्र, हातातून सुटणाऱ्या गोष्टी, सगळीकडे तेच. आपल्याकडे इंदिरा संतांची आठवण येते, नवरा गेल्यावरची कविता, आणि दोघीही शिक्षिका.

ओवी_अनंत

इंदिराबाईंशी तुलना नको वाटते मला. इंदिराबाईंच्या कवितेत 'तो' आहे, अंगण आहे, घर आहे. सेसिलियाच्या कवितेत बहुतेक वेळा कोणी माणूसच नसतो. आणि 'प्रवास'मधला सगळा सूर त्या एका मृत्यूला लावू नका. तिचा पहिला संग्रह १९१९ चा, म्हणजे तेव्हा ती सतरा-अठरा वर्षांची पोर, आणि त्याचं नाव 'भुतं' की 'पिशाच्च' असं काहीतरी. ती मुळातच तशी होती. स्वतः म्हणायची की लहानपणाने मला दोन गोष्टी दिल्या ज्या इतरांना वाईट वाटतात पण मला कायम चांगल्याच वाटल्या, शांतता आणि एकटेपण.

माजघर

हो, सूर आधीपासून होता हे खरं. तरी शेजारी ठेवून वाचायला हरकत नाही एवढंच.

नाखवा_बंदरचा

मी नोटा जमवतो म्हणून इकडे डोकावलो. ही बाई ब्राझीलच्या १०० क्रुझादो नोव्होच्या नोटेवर आहे, १९८९ ची. आहे माझ्याकडे. समोर तिचा चेहरा. ५० च्या नोटेवर ड्रुमोंद, तोही कवीच. पण गंमत पुढे आहे. तेव्हा तिथे महागाई इतकी बेफाम होती की १९९० मध्ये चलनाचं नावच बदललं आणि नव्या नोटा छापायला वेळ नाही म्हणून याच नोटांवर शिक्का मारून 'क्रुझेरो' केलं. माझ्याकडे शिक्क्याची आणि बिनशिक्क्याची दोन्ही आहेत. थोड्याच दिवसांत त्या नोटेत काही येईनासं झालं.

टवाळ_पंत

कवीच्या नोटेची किंमत शून्य झाली यात नवल ते काय, आपल्याकडे कवीला मानधनाचं पाकीट असंच मिळतं.

मांडवीकाठ

मूळ प्रश्नाकडे येऊ का? ओवीने विचारलं होतं की ही कविता भारताबद्दलची की बाईबद्दलची. संग्रहाच्या सुरुवातीलाच एक छोटी कविता आहे, 'वाटसरूचा नियम' म्हणू. त्यात ती स्वतःची जागा सांगून मोकळी होते. मी येणारी-जाणारी, जवळजवळ प्रेमात पडलेली, मोकळीही नाही आणि कैदीही नाही. आणि पुढे स्वतःलाच प्रश्न करते की मी निष्ठावान आहे, की ओढ लागलेली, की प्रेयसी, की परकी? उत्तर देत नाही. म्हणजे कडू म्हणतात तो आरोप बाईने पहिल्याच पानावर स्वतःवर लावून घेतलाय. यानंतर तिच्याकडून मुकादमाचं नाव मागणं मला बरोबर वाटत नाही. ती तुम्हाला सांगतेय की मी चाललेय, जाता जाता जे दिसलं ते हे.

कडू_कारलं

'मी परकी आहे' असं आधी सांगून टाकलं की मग काहीही सुंदर लिहायला मोकळीक, हा जुना डाव आहे मांडवीकाठ. पण ती घोड्यांची कविता मला आवडली हे कबूल. दिल्लीच्या टांग्यांचे घोडे, तुरे, माळा, शाली घालून सजवलेले, गुलाबी महालांमधून पळताहेत. वाचताना आधी म्हटलं झालं, पर्यटन खात्याची जाहिरात. पण नंतर लक्षात आलं की ते घोडे इतके नटवलेत कारण ते ओझं ओढताहेत. ते ओझं तिने बोट ठेवून दाखवलेलं नाही, तरी कळतं. गांधींवरची वाचलेली नाही. कशी आहे?

ओवी_अनंत

तीच तर सगळ्यात वेगळी आहे! त्यात सजावट अशी नाहीच. सुरुवातीलाच ती म्हणते, इथे माझ्या निळ्या जलपऱ्या आणि पंखांचे घोडे थांबतात, म्हणजे तिच्या नेहमीच्या कवितेतलं सामान ती दारातच उतरवून ठेवते. मग रस्त्याच्या प्रत्येक कोपऱ्यावर वाऱ्याने फडफडणारी वर्तमानपत्रं, खुनाची बातमी असलेली. आणि मधेमधे एक वाक्य येतं, तेही फ्रेंचमध्ये, जणू कोणीतरी शेजारी सहज बोलतंय. 'माणसं जनावरं आहेत, मॅडम.' एकीकडे घरोघरचे चरखे, तिरंगा, प्रतिकाराचे दिवस, आणि मधेच पुन्हा हा सभ्य सुरातला शेरा. तिथे कुठेही गांधींना देव केलेलं नाही. रिओच्या रस्त्यावर एक बाई उभी आहे आणि तिला बातमी कळलीय, बस.

म्हणून मला वाटतं की भारतात न येता लिहिलेली ही कविता भारतात येऊन लिहिलेल्या बऱ्याच कवितांपेक्षा जास्त खरी आहे. प्रत्यक्ष बघितल्यावर ती दिपून गेली.

कडू_कारलं

हे मात्र मला शंभर टक्के मान्य. क्रुझादोत नाही, रुपयात.

माजघर

पण ओवी, हे 'दिपून गेली' सरसकट नको. हैदराबादच्या आंधळ्यावर, पुरीच्या मजुरणींवर लिहिणारी दिपलेली नाही. आणि ती काही कोरी पाटी घेऊन आली नव्हती. टागोरांचं तिने पोर्तुगीजमध्ये भाषांतर केलंय, 'डाकघर' केलं, 'चतुरंग' केलं. संग्रहात टागोरांसाठी एक छोटंसं गाणंही आहे. त्याशिवाय स्पॅनिश कवी-नाटककार लोर्काची नाटकं, व्हर्जिनिया वुल्फचं 'ऑर्लांडो' हेही तिचंच. भाषांतर करणारा माणूस आयुष्यभर दुसऱ्याच्या घरात वावरतो, त्याला परकेपणाची भीती नसते.

सदू_साओपावलो

अवांतर पण राहवत नाही. तिच्या एका कवितेतल्या ओळी घेऊन इथल्या फाग्नेर नावाच्या गायकाने सत्तरच्या दशकात गाणं केलं, नाव न देता. गाणं तुफान चाललं. मग तिच्या मुली कोर्टात गेल्या. इथे आजही कराओकेला लोक ते गाणं रडत रडत म्हणतात आणि निम्म्यांना माहीत नसतं की मूळ शब्द कुणाचे.

टवाळ_पंत

सांबा आला का शेवटी? मी पहिल्या प्रतिसादापासून वाट बघतोय.

निवृत्त_मास्तर

आला. बाईंनी १९२६ ते १९३४ या काळात रिओतल्या कृष्णवर्णीय वस्त्यांतील सांबा, बातुके (ढोलांच्या तालावरचा नाच) आणि माकुंबा (आफ्रिकी मुळाचे धर्मविधी) यांची चित्रे काढली, नाचणाऱ्या बायकांचे पोशाख, हातांची ठेवण, वाद्ये. १९३३ मध्ये प्रदर्शनही झाले. त्या काळी प्रतिष्ठित लोक सांब्याकडे नाक मुरडत, पोलीस वाद्ये जप्त करीत. ती चित्रे पुस्तकरूपाने १९८३ मध्ये आली. तेव्हा पंत, पेले सोडून तुमचे सगळे विषय बाईंनी हाताळले आहेत.

टवाळ_पंत

मास्तर _/\_ कॉफीचंही काहीतरी असेलच, उद्या शोधतो.

अळूची_फदफदं

लिलावाची कविता कोणी मराठीत करणार आहे का नाही? सदू, मूळ पोर्तुगीज देवनागरीत टाइप करून टाका आणि खाली शब्दाला शब्द अर्थ द्या, बाकी इथली मंडळी बघून घेतील. आमच्या वस्तीतल्या वाचनालयात दिवाळीच्या सुट्टीत पोरं येतात, करून बघेन.

सदू_साओपावलो

प्रताधिकाराचं लफडं असेल, बाई १९६४ ला गेल्यात आणि इथे कवी गेल्यावर ७० वर्षं हक्क राहतात. अख्खी कविता इथे टाकत नाही. दोन-चार ओळींचा अर्थ देतो आणि तुम्ही तुमचा लिलाव वेगळा रचा. फुलपाखरांऐवजी चतुर घ्या, चालतंय. सरडा मात्र ठेवा.

शेंगदाण्याचा_लाडू

वारुळाला माझी बोली पाच रुपये.

नाखवा_बंदरचा

दहा. आणि ओवीताई, ड्रुमोंदवर वेगळा धागा काढा, ५० ची नोट पण आहे माझ्याकडे.